पाठीवरचा ठोका

हे आजवर माझ्या तोंडून बाहेर पडलेलं नाही. नवऱ्याजवळ नाही, आईजवळ नाही, आणि जिच्याजवळ सगळ्यात आधी बोलायला हवं होतं तिच्याजवळ तर नाहीच. तुम्हाला सांगते आहे, कारण तुम्ही मला ओळखत नाही. उद्या सदर बाजारात भाजी घेताना शेजारी उभे राहिलात तरी मला कळणार नाही की तुम्हाला ठाऊक आहे. पाहिलंत? सुरुवातच भित्रेपणानं झाली.

मी भित्री आहे. एवढं एक वाक्य लिहून थांबता आलं असतं तर किती बरं झालं असतं. भित्रेपणा काही गुन्हा नाही. कुणी पालीला घाबरतं, कुणी विजेला. मी तलवारीला घाबरते — आणि मी तलवार शिकवते. हसा. मीसुद्धा हसले असते, दुसऱ्या कुणाची गोष्ट असती तर.

जबलपूरच्या छावणीत, सदरच्या मागच्या गल्लीत, एका बेकरीच्या वर आमचा वर्ग भरतो. सकाळी पाव भाजल्याचा वास आणि आमच्या घामाचा वास एकत्रच असतो. वर्ग सुरू केला सॅम्युअल सरांनी. सर फौजेतून निवृत्त झालेले. तलवार ते जमेल तिथून शिकून आले होते — थोडी एका जपानी उस्तादाकडून, थोडं पट्ट्याचं काम इथल्याच एका म्हाताऱ्याकडून, आणि बरंचसं स्वतःच्या डोक्यातून. त्या सगळ्याचं मिळून त्यांनी एक नवं घराणं काढलं आणि त्याला रेवा-र्यू असं नाव दिलं. र्यू म्हणजे जपानीत घराणं, आणि रेवा म्हणजे आपली नर्मदा. आमचं बसणं-उठणं, वाकणं, म्यानातून तलवार काढणं जपानी. पायांची फेक पट्ट्याची. आणि ओरडा खायचा तो अस्सल जबलपुरी. शुद्ध जपानी पद्धतीवाले लोक इंटरनेटवर आमच्या व्हिडिओखाली लिहायचे, ही तर खिचडी आहे. सर म्हणायचे, "हाँ भैया, खिचडी है. बीमार को भी पच जाती है."

या खिचडीत सरांनी एक रिवाज असा घातला होता, जो मी दुसरीकडे कुठंच पाहिलेला नाही. सगळं त्यावरच अडलं आहे, म्हणून तो नीट सांगते.

आमच्या तलवारीचं पातं मुठीत एका बांबूच्या खुंटीवर टिकलेलं असतं. स्क्रू नाही, नट नाही. करंगळीच्या पेराएवढी खुंटी. ती गेली की हातात नुसती मूठ उरते आणि पातं सुटतं. म्हणून सराव सुरू करण्याआधी खुंटी तपासायची — पण स्वतःची नाही, जोडीदाराची. सर म्हणायचे, "अपनी तलवार को आदमी माफ कर देता है." तलवारींची अदलाबदल करायची आणि दोघांनी पाठीला पाठ लावून जमिनीवर बसायचं. खुंटी अंगठ्यानं दाबायची. मग तलवार पूर्ण बाहेर काढून तोंडासमोर उभी धरायची आणि मुठीवरच्या हातावर दुसऱ्या हातानं जोरात ठोका द्यायचा. पातं ढिलं असेल तर खुळखुळतं. नसेल तर म्हणायचं, "पक्की." तो ठोका जोडीदाराला पाठीतून जाणवतो. जाणवला की त्यानं म्हणायचं, "मिला." बस. मग तलवार परत घ्यायची आणि पुन्हा खुंटीकडे पाहायचंसुद्धा नाही. पाहिलं तर तो जोडीदाराचा अपमान.

पाठीला पाठ का? म्हणजे कुणी कुणावर लक्ष ठेवू नये म्हणून. समोर बसलं की ती देखरेख झाली, सर म्हणायचे. आम्हाला भरोसा शिकायचा होता.

माझी जोडीदार उज्ज्वला. वर्गात आम्ही दोघीच मराठी. दोघींचीही घरं मूळची विदर्भातली, दोघींचे वडील इथल्या तोफांच्या कारखान्यात नोकरीला. वर्गात सगळे हिंदीत बोलायचे, आणि आम्ही आपली मोडकी मराठी चोरून खाल्ल्यासारखी बोलायचो. ती मला वैशू म्हणायची. तिची मुलगी अन्वी तेव्हा नुकती चालायला लागली होती. उज्जू तिला भिंतीपाशी बसवायची आणि तिच्यासमोर लाकडी तलवारींचा ढीग ठेवायची. पोर तासभर ढीग उपसत बसायची.

लाकडी तलवार हातात असेपर्यंत मी उज्जूपेक्षा चांगली होते. हे मी फुशारकी म्हणून नाही सांगत — सरच म्हणायचे. मग सरांनी पोलादी तलवारी आणल्या. बहुतेक बिनधारेच्या, सरावाच्या. धारेची फक्त कापणी करणाऱ्यांना. कापणी म्हणजे भिजवून गुंडाळलेली चटई खांबावर रोवायची आणि एका वारात कापायची. उज्जूनं धारेची घेतली. मी म्हटलं, माझं मनगट दुखतं आहे, मला बिनधारेचीच बरी. मनगट कधी दुखलंच नव्हतं. पण हे काही कबूल करायचं पाप नाही, एवढं तर कुणीही बोलतं. नाही का? मी अजून मुद्द्याला येत नाही हे तुमच्या लक्षात आलं असेल.

धारेची तलवार मला फक्त एका वेळी हातात घ्यावी लागायची — उज्जूची तपासताना. पहिल्यांदा ती म्यानातून काढली तेव्हा एक बारीक आवाज झाला, रेशमी कापड ओढल्यासारखा. ते उभं पातं तोंडासमोर. त्यात माझा एक डोळा दिसत होता. आता यावर ठोका मारायचा? आणि सुटलं तर? माझ्याच मांडीवर, माझ्याच गळ्यावर? मी ठोका मारला त्या दिवशी. घरी जाऊन ओकले. दुसऱ्यांदाही मारला. त्यानंतर —

त्यानंतर मी मारला नाही.

तलवार चार बोटं बाहेर काढायची आणि परत सरकवायची, आवाजापुरती. मग हाताची मूठ करून स्वतःच्या मांडीवर आपटायची. जोरात. पाठीतून तो ठोका तसाच जातो. मी म्हणायचे, "पक्की." माझ्या पाठीला टेकलेली ती पाठ जराशी हलायची, आणि उज्जू म्हणायची, "मिला."

किती दिवस चाललं हे? कित्येक महिने. काहीच झालं नाही, आणि काही होत नाही म्हटल्यावर मला त्यात गैर वाटेनासं झालं. उज्जू आपली तलवार काळजीनं ठेवायची. तिची खुंटी कधी ढिली नसायचीच. मग मी एक ठोका मांडीवर मारला काय आणि मुठीवर मारला काय? असं मी स्वतःला समजावत असे. मांडीवर डाग पडायचे निळे. नवऱ्याला सांगायचे, सरावात लागलं.

वर्गाचा वार्षिक कार्यक्रम होता. सदरमध्येच एक हॉल घेतला होता. खुर्च्या, माइक, समोसे. पहिल्या रांगेत सतरंजीवर मुलं बसवलेली — वर्गातल्यांची, शेजारपाजारची. अन्वीही तिथंच, तिच्या आजीच्या मांडीवर. उज्जूची कापणी शेवटी होती, सगळ्यांना तेच पाहायचं होतं. आम्ही आतल्या खोलीत तयार होत होतो. तलवार माझ्या हातात देताना ती म्हणाली, "वैशू, जुनी खुंटी पिचली होती ना, मी नवी बसवली परवा. टोपलीवाल्याच्या बांबूची. मले जराशी शंका वाटून राहिली. तू नीट पाहशील बरं."

नीट पाहशील बरं. हे शब्द तिनं उच्चारले होते. मी ऐकले नव्हते असं म्हणायची सोय नाही, कारण मी "हो" म्हटलं.

टोपलीवाल्याचा बांबू ओला असतो. खुंटीला जुना, वाळलेला बांबू लागतो. ओला तासून ठोकला की घट्ट बसतो, आणि दोन दिवसांत वाळून आकसतो. सरांनी हे शिकवलं होतं. ते शिकवलं त्या दिवशी उज्जू वर्गाला आली नव्हती, अन्वीला ताप होता. मी आले होते. मला माहीत होतं.

मी पाठीला पाठ लावून बसले. अंगठा खुंटीवर ठेवला — ठेवला, दाबला नाही. दाबला आणि हलली तर? मग ती तलवार पूर्ण काढून पाहावी लागली असती, ठोकावी लागली असती. ते पातं सुटलं असतं ते माझ्या हातात. बाहेर माइकवर कुणीतरी उज्जूचं नाव घेत होतं. मी तलवार चार बोटं काढली, सरकवली, आणि मांडीवर मूठ आपटली.

"पक्की."

"मिला."

झालं. हे आहे ते. इथवर यायला मला इतकी वर्षं लागली.

पुढचं लवकर सांगते, कारण ते घडलंही लवकर. उज्जूनं पहिला वार केला, चटई कापली गेली, टाळ्या पडल्या. दुसऱ्या वाराला तिच्या हातात मूठ राहिली आणि पातं गेलं. मुलांच्या दिशेनं. सर बाजूला उभे होते. त्यांनी हात मध्ये घातला. विचार केला नसणार, घातला. पातं त्यांच्या उजव्या हाताला लागून खाली पडलं, सतरंजीच्या काठावर, मुलांपासून हातभर लांब. फरशीवर पोलाद पडल्याचा आवाज झाला. मग एक मूल हसलं. त्याला वाटलं, हाही खेळच आहे.

सरांना आम्ही दोघींनी रिक्षात घातलं. ओमतीच्या चौकात गर्दीत रिक्षा अडकली. सरांचा हात टॉवेलात गुंडाळलेला, आणि टॉवेल माझ्या मांडीवर — त्याच मांडीवर. तो भिजत चालला होता. उज्जू रिक्षावाल्यावर ओरडत होती, "भैया, निकालो ना, कैसे भी निकालो." सरांचे ओठ पांढरे पडले होते. त्यांनी डोळे न उघडता विचारलं, "जाँच किसने की थी?"

"मैंने, सर."

"पक्की थी?"

इथं मी बोलू शकले असते. ते ओरडणार नव्हते. त्यांना फक्त कळून घ्यायचं होतं. पण उज्जू माझ्याकडे पाहत होती, आणि मला तिच्या नजरेची भीती वाटली. पात्याची वाटायची त्याहून जास्त. मी म्हटलं, "पक्की थी, सर."

आणि उज्जू काय म्हणाली माहीत आहे? "हाँ सर, मुझे ठोका मिला था. इसने देखी थी. खुंटी ही मेरी खराब थी." ती माझ्या बाजूनं बोलली. माझी साक्ष तिनं दिली, स्वतःच्या पाठीवर हात ठेवून.

दवाखान्यात पोलीस आले. धारेच्या हत्याराची जखम म्हटल्यावर विचारपूस होणारच. त्यांच्यासमोरही मी तेच सांगितलं. मग वर्गातल्या सगळ्यांसमोर. एक गोष्ट सांगू? शेवटी शेवटी सांगताना मला त्या खुंटीचा स्पर्श आठवायला लागला. घट्ट, गुळगुळीत, अंगठ्याखाली न हलणारी. जी मी कधी दाबलीच नाही, ती. खोटं इतकं पक्कं बसतं, याची मला अजून धास्ती वाटते.

सरांनी तक्रार केली नाही. त्यांचा हात वाचला, पण मिटेना. अंगठा आणि शेजारचं बोट उघडंच राहिलं. काही दिवस ते नुसतं तोंडानं शिकवत होते. मग मुलाकडे चेन्नईला गेले आणि वर्ग माझ्या हाती दिला. मला का? कापणी तर मी कधी केलीच नव्हती. सगळ्यांसमोर म्हणाले, "आगे से धार बंद. और सबकी जाँच वैशाली करेगी." त्यांच्या लेखी त्या दिवशी आपलं काम चोख केलेलं माणूस एकच होतं.

आणि उज्जू? तिनं तलवार सोडली. सासू म्हणाली, घरात लेकरू अन् ही बाई तलवारी उडवून राहिली. लोक म्हणाले, निष्काळजी. मास्तरकीची नोकरी होती, बदली मागून शहराबाहेर कुंडम गावाला गेली. कधी शहरात आली की माझ्याकडे उतरते. चहा करते. आणि मी तिच्या हातांकडे पाहत बसते, कारण ती गाळणीचा दांडा हलवून पाहते. कढईचे कान हलवून पाहते. छत्री कुणाला द्यायची असेल तर आधी मूठ ओढून पाहते. अन्वीला सायकलवर बसू द्यायच्या आधी हँडल धरून अशी गदागदा हलवायची, की ती पोर रडकुंडीला यायची. स्वतःला हे कळतं का तिला? विचारायची माझी छाती नाही.

एकदा जेवताना ती सहज म्हणाली, "काहून इतका विचार करते तू त्या दिवसाचा? तुझी काय चूक? कमीत कमी तू तरी आपलं काम केलं होतं वैशू. त्याच्यावरच तर झोप लागते मले. दोघींचीही चूक असती तर सरांना तोंड कसं दाखवलं असतं?"

तेव्हा बोलले असते तर? काय झालं असतं — तिची झोप गेली असती? की तिच्या मानेवरचं ओझं उतरलं असतं? मी त्या क्षणी तिच्या झोपेचं कारण पुढं केलं आणि गप्प बसले. तिच्या झोपेशी त्याचा काही संबंध नव्हता. मला भीती वाटली. तेवढंच. ती उठून जाईल याची, आणि जाताना काहीच बोलणार नाही याची.

हे सगळं मी आताच का लिहिते आहे, ते सांगते. या वर्षी अन्वी वर्गात आली. कॉलेजला जबलपुरातच आहे. मराठी समजते तिला सगळी, बोलते मात्र हिंदीच. पावलं अगदी आईची. मागच्या रविवारी ती एक लांब गुंडाळी घेऊन आली, उज्जूच्या जुन्या साडीत बांधलेली. मी गाठ न सोडताच ओळखलं.

"मम्मी ने भेजी है, मावशी. बोली, मुझे कापणी सिखाओ."

मी धारेवरची बंदी पुढं केली. तर कळलं, मायलेकींनी चेन्नईला फोन करून सरांना आधीच विचारलं होतं. सर म्हणाले, "वैशाली जाँचती है ना? तो ठीक है." मी उज्जूला फोन लावला. ती हसत होती. कित्येक वर्षांनी तशी हसत होती. म्हणाली, "खुंटी मी बसवली नाही बाप्पा, माझा हातच नको त्याच्यात. तूच बसव, तूच पाहा. दुसऱ्या कुणाच्या भरोशावर पोरीच्या हातात नाही देणार मी ते पातं."

मी फोन ठेवला. खुंटी बसवली. जुन्या, वाळलेल्या बांबूची. मग आम्ही दोघी पाठीला पाठ लावून बसलो. उज्जूपेक्षा उंच आहे पोर, तिच्या पाठीचा कणा माझ्या मानेपर्यंत लागत होता. श्वास शांत. मी अंगठ्यानं खुंटी दाबली. तलवार काढली, पूर्ण. तो रेशमी आवाज. ते पातं, त्यात माझा डोळा, आता चष्म्यामागचा. पातं भिंतीवर उजेड हलवत होतं. मला अजूनही तशीच भीती वाटते, तसूभर कमी नाही. डावी मूठ मांडीकडे निघाली होती — हो, निघाली होती, आपोआप, इतक्या वर्षांनंतरही. मी ती वळवली. तलवारीच्या मुठीवर मारली. पातं खुळखुळलं नाही. पुन्हा मारली. नाही खुळखुळलं.

"पक्की," मी म्हटलं.

"मिला, मावशी."

अगदी आईचा आवाज. तोच सूर, तोच भरोसा, कणभर कमी नाही की जास्त नाही. खरा ठोकासुद्धा तिला तसाच लागला होता, जसा तिच्या आईला तो मांडीवरचा लागला होता.

ती उठली, वळली, दोन्ही हात पुढं करून वाकली आणि तलवार घेतली. मग चटईच्या खांबाकडे चालत गेली. खुंटीकडे तिनं पाहिलंसुद्धा नाही.